एडवर्ड मर्रो : दूरचित्रवाणीवरील अनुबोधपटाचा निर्भय निर्माता

सुवर्णमहोत्सवी ग्रंथात मंडळाच्या संस्थापकांची, कार्यकर्त्यांची आणि महाराष्ट्रातील थोर पुरुषांची चरित्रे यावीत हे उचितच आहे. त्यांच्या पंक्तीत एका अमेरिकन वार्ताहराचे पान मांडण्याचे प्रयोजन काय, असा प्रश्न वाचकांच्या मनात आला तर तो आम्हांला गैर वाटणार नाही. आज आपल्यापैकी बहुतेकांच्या घरी दूरचित्रवाणीचा संच आहे आणि जगाविषयीची आपली पुष्कळशी मते त्याच्यासमोर बसूनच बनत असतात. ह्या साधनाने सत्य सांगता येते काय, आणि सांगावयाचे तर त्याची किंमत कोणी व किती मोजावयाची, हा प्रश्न ज्या मोजक्या माणसांच्या आयुष्यात अगदी उघडपणे उभा राहिला त्यांत एडवर्ड मर्रो यांचे नाव अग्रभागी आहे. दुसरेही एक कारण आहे. आपण सारे घरापासून दूर राहणारी माणसे आहोत. परमुलखात राहून तेथील खरी हकीकत आपल्या माणसांपर्यंत पोहोचविणे किती अवघड असते, हे आपल्याला सांगावे लागत नाही. मर्रो यांनी आयुष्याची नऊ वर्षे हेच काम केले आणि त्यातूनच त्यांच्यातील अनुबोधपटाचा निर्माता घडला.

मर्रो यांचा जन्म २५ एप्रिल १९०८ रोजी अमेरिकेच्या नॉर्थ कॅरोलायना राज्यात ग्रीन्सबरो गावाजवळ झाला. जन्मनाव एग्बर्ट. एडवर्ड हे नाव त्यांनी पुढे स्वतःच घेतले. घराणे क्वेकर पंथाचे, शेतकऱ्याचे आणि गरिबीचे. ते सहा वर्षांचे असताना हे कुटुंब देशाच्या दुसऱ्या टोकाला, वॉशिंग्टन राज्यातील ब्लँचर्ड ह्या गावी जाऊन राहिले. वडील लाकडाच्या वाहतुकीसाठी असलेल्या रेल्वेवर इंजिन चालवीत. घरात बायबलाचे नित्य मोठ्याने वाचन होई. त्या वाचनाचा ठेका आणि साधेपणा मर्रो यांच्या भाषेत अखेरपर्यंत टिकला, असे त्यांचे चरित्रकार मानतात. मुलगा वयात येताच उन्हाळ्याच्या सुटीत लाकूडतोड्यांच्या छावण्यांत मजुरी करू लागला. श्रमिकांच्या जीवनाची ही ओळख पुस्तकी नव्हती, आणि ती पुढे त्यांच्या कामात उतरलेली आपल्याला दिसेल.

पुलमन येथील वॉशिंग्टन स्टेट कॉलेजातून ते १९३० साली पदवीधर झाले. तेथे त्यांना आयडा लू अँडरसन ह्या शिक्षिका लाभल्या. बालपणी झालेल्या पोलिओने ह्या बाईंचे शरीर कायमचे पंगू झाले होते. परंतु वाणीच्या शिक्षणात त्यांचा हात धरणारे कोणी नव्हते. शब्द मोजून वापरावा, तो स्वच्छ उच्चारावा आणि त्यामागे विचार असावा, ही शिकवण मर्रो यांना त्यांच्याकडून मिळाली. पदवीनंतर विद्यार्थ्यांच्या राष्ट्रीय संघटनेचे अध्यक्षपद आणि १९३२ पासून आंतरराष्ट्रीय शिक्षणसंस्थेतील साहाय्यक संचालकाचे पद, असा त्यांचा प्रवास झाला. १९३३ साली जर्मनीत हिटलर सत्तेवर आला आणि विद्यापीठांतून प्राध्यापकांची हकालपट्टी सुरू झाली. त्या विस्थापित विद्वानांना अमेरिकेत आश्रय मिळवून देणाऱ्या समितीचे साहाय्यक चिटणीस म्हणून मर्रो यांनी काम केले. ज्यांना साहाय्य मिळाले त्यांत तत्त्वचिंतक पॉल टिलिख यांच्यासारखे नामवंत होते. सुसंस्कृत समजला जाणारा एक देश भीतीपोटी कसा मुका होतो, हे पंचविशीतल्या ह्या तरुणाने अर्जांच्या आणि पत्रांच्या गठ्ठ्यांतून पाहिले. ही गोष्ट आम्ही मुद्दाम नोंदवीत आहोत. कारण वीस वर्षांनी त्यांनी जो लढा दिला त्याचे बीज येथे आहे.

१९३५ साली ते कोलंबिया ब्रॉडकास्टिंग सिस्टिम म्हणजे सीबीएस ह्या नभोवाणी कंपनीत दाखल झाले आणि १९३७ साली तिचे युरोपातील प्रतिनिधी म्हणून लंडनला गेले. त्यांचे काम स्वतः बोलण्याचे नव्हते. इतरांची भाषणे ठरविण्याचे होते. तेथे त्यांनी विल्यम शायरर ह्या वार्ताहराला हाताशी घेतले. हे शायरर १९३० नंतर भारतात येऊन गांधीजींच्या चळवळीच्या बातम्या देऊन गेलेले होते. मार्च १९३८ मध्ये हिटलरने ऑस्ट्रिया गिळंकृत केला. शायरर लंडनला पोहोचले आणि मर्रो यांनी बर्लिनहून भाड्याने विमान घेऊन व्हिएन्ना गाठले. १३ मार्चच्या रात्री युरोपातील निरनिराळ्या राजधान्यांतून एकापाठोपाठ एक वृत्तांत अमेरिकेतील घराघरांत ऐकू गेले. नभोवाणीवरील वार्तापत्राचा हा प्रकार तेव्हा नवा होता. आज तो इतका अंगवळणी पडला आहे की त्याला कधीतरी आरंभ झाला असेल हेही आपल्या ध्यानात येत नाही.

१९४० च्या लंडनवरील बॉम्बवर्षावाने मर्रो यांचे नाव अमेरिकेत सर्वतोमुखी झाले. गच्च्यांवर उभे राहून समोर दिसेल ते सांगण्याची परवानगी त्यांनी ब्रिटिश अधिकाऱ्यांकडून मोठ्या प्रयासाने मिळविली. त्यांच्या कचेरीच्या इमारती एकाहून अधिक वेळा उद्ध्वस्त झाल्या. त्या ऑगस्टातील एका रात्री ट्रॅफल्गार चौकाजवळ त्यांनी ध्वनिग्राहक जवळजवळ जमिनीला टेकवून धरला. भोंगे वाजत होते आणि लोक तळघरांकडे चालले होते. त्यांच्या पावलांचा आवाज समुद्रापलीकडे ऐकू गेला. तो आवाज धावणाऱ्यांचा नव्हता, शांतपणे चालणाऱ्यांचा होता. लंडन खचलेले नाही हे सांगण्यासाठी त्यांना एकही विशेषण वापरावे लागले नाही. अनुबोधपटाचे सारे मर्म ह्या एका युक्तीत आहे, असे आम्हांला वाटते. निर्मात्याने आपले मत श्रोत्याच्या गळी उतरवावयाचे नसते. वस्तू त्याच्यासमोर ठेवून बाजूला व्हावयाचे असते. मात्र कोणती वस्तू ठेवावयाची, ह्याची निवड त्याचीच असते आणि त्या निवडीची जबाबदारीही त्याचीच.

डिसेंबर १९४३ मध्ये ते बॉम्बफेकी विमानातून बर्लिनवर गेले. त्या रात्री निघालेले सर्वच वार्ताहर परतले नाहीत. कंपनीच्या वरिष्ठांचा विरोध असूनही त्यांनी अशी उड्डाणे पुनःपुन्हा केली. एप्रिल १९४५ मध्ये बुखेनवाल्डच्या छळछावणीत त्यांनी जे पाहिले ते सांगताना ह्या संयमी माणसाचाही आवाज संतापाने भारावला. ज्या विद्वानांचे अर्ज त्यांनी १९३३ साली हाताळले होते, ते तिकडेच राहिले असते तर त्यांचे काय झाले असते, ह्याचे उत्तर तेथे त्यांच्या डोळ्यांपुढे होते.

युद्धानंतर मायदेशी परतल्यावर ते सीबीएसचे उपाध्यक्ष झाले. परंतु कारकुनी अधिकारात त्यांचे मन रमेना. १९४७ साली ते पुन्हा ध्वनिग्राहकासमोर येऊन बसले. ह्याच सुमारास फ्रेड फ्रेंडली ह्या तरुण निर्मात्याशी त्यांची गाठ पडली. दोघांनी मिळून अलीकडच्या इतिहासातील मूळ आवाजांची ध्वनिमुद्रिका १९४८ साली काढली. ती अपेक्षेबाहेर खपली. त्यापाठोपाठ नभोवाणीवर एक साप्ताहिक कार्यक्रम निघाला आणि १८ नोव्हेंबर १९५१ रोजी त्याचेच दूरचित्रवाणीवरील रूप ‘सी इट नाऊ’ सुरू झाले. फ्रेंडली उत्साही, धडाकेबाज आणि संकलनाच्या टेबलाशी रात्री जागविणारे. मर्रो अबोल, विचारी आणि शेवटचा शब्द स्वतः तोलून लिहिणारे. ह्या जोडीने अमेरिकन दूरचित्रवाणीवरील अनुबोधपटाला आकार दिला.

पहिल्याच कार्यक्रमात मर्रो यांनी प्रेक्षकांना शेजारी ठेवलेल्या दोन पडद्यांवर दोन दृश्ये दाखविली. एकात न्यूयॉर्कमधील ब्रुकलिनचा पूल, दुसऱ्यात सॅन फ्रान्सिस्कोतील गोल्डन गेटचा पूल. अटलांटिक आणि पॅसिफिक हे दोन महासागर एकाच क्षणी घरबसल्या दिसण्याचा हा अपूर्व योग होता. देशाच्या दोन किनाऱ्यांना जोडणारी प्रक्षेपणाची व्यवस्था अवघ्या काही आठवड्यांपूर्वी पुरी झाली होती. तथापि मर्रो यंत्राच्या चमत्कारावर थांबले नाहीत. त्या काळी दूरचित्रवाणीवरील बातम्या म्हणजे चित्रपटगृहांतील वार्तापटांचे उष्टे असे. ‘सी इट नाऊ’साठी स्वतःचे छायाचित्रक आणि स्वतःचे वार्ताहर नेमण्यात आले. चित्रण भरपूर करावयाचे आणि त्यातील थोडेच ठेवावयाचे, मुलाखतीची तालीम घ्यावयाची नाही, बोलणाऱ्याच्या तोंडी आपले शब्द घालावयाचे नाहीत, असा दंडक होता. मर्रो नियंत्रणकक्षातच बसत. मागचे पडदे, यंत्रे आणि कामाची धांदल प्रेक्षकांना दिसत असे. काहीही झाकून ठेवलेले नाही, हे त्यातून आपोआप सूचित होई.

मोठा प्रश्न लहान माणसाच्या द्वारे सांगावा, ही त्यांची आवडती रीत होती. १९५२ च्या नाताळात त्यांनी आपले पथक कोरियाच्या रणभूमीवर नेले. त्या चित्रपटात सेनापतींच्या मुलाखती नाहीत, नकाशे नाहीत, विजयाच्या घोषणा नाहीत. आहे तो बर्फाने गोठलेल्या जमिनीत खड्डा खणणारा साधा सैनिक, त्याची थंडी, त्याचा कंटाळा आणि घराची ओढ. युद्ध म्हणजे काय हे अमेरिकेतील आईबापांना तेव्हा प्रथमच दिसले, असे म्हटले तर फारशी अतिशयोक्ती होणार नाही.

परंतु त्या दिवसांत अमेरिकेला कोरियापेक्षाही मोठ्या भयाने ग्रासले होते. विस्कॉन्सिनचे सिनेटर जोसेफ मॅकार्थी यांनी फेब्रुवारी १९५० पासून सरकारी कचेऱ्यांत साम्यवादी भरले असल्याचे आरोप करावयास आरंभ केला होता. पुरावा क्वचितच पुढे येई. संशय मात्र पुरेसा ठरे. शिक्षक, लेखक, नट, अधिकारी यांच्या नोकऱ्या एका इशाऱ्यासरशी जात. नभोवाणी व दूरचित्रवाणी कंपन्यांतूनही काळ्या याद्या फिरत होत्या. सीबीएसने आपल्या नोकरांकडून निष्ठेचे लेखी जबाब घेतले आणि मर्रो यांनीही त्यावर सही केली. चार वर्षे ते ह्या विषयावर नभोवाणीवरून अधूनमधून बोलले, पण दूरचित्रवाणीचे सर्व बळ त्यांनी वापरले नव्हते. त्यांच्या मित्रांना ही दिरंगाई खटकत होती. चरित्रनायकाला देवत्व देण्याच्या भरात ही गोष्ट झाकून ठेवणे आम्हांला योग्य वाटत नाही.

संधी आली ती एका अप्रसिद्ध माणसाच्या रूपाने. मायलो रॅड्युलोविच हा मिशिगनमधील विद्यार्थी हवाई दलाच्या राखीव तुकडीत लेफ्टनंट होता. त्याच्या स्वतःच्या निष्ठेबद्दल कोणाची तक्रार नव्हती. परंतु त्याचे वडील आणि बहीण यांच्यावर साम्यवादी कलाचा संशय होता. वडील सर्बियातून आलेले कामगार. मायभूमीच्या भाषेतील एक वृत्तपत्र वाचीत, हाही त्यांचा एक गुन्हा. ह्या नात्यापायी लेफ्टनंटाला सेवेतून दूर करण्याचे ठरले; आणि आरोपांचा पुरावा बंद पाकिटात होता, तो त्याला दाखविण्यात आला नाही. परमुलखात राहून आपल्या भाषेतील वृत्तपत्राची वाट पाहणाऱ्या आपल्यासारख्यांना त्या वृद्ध पित्याची व्यथा चटकन उमजेल.

मर्रो यांनी ही बातमी एका वृत्तपत्रात वाचली आणि आपली माणसे त्या गावी धाडली. २० ऑक्टोबर १९५३ रोजी अर्ध्या तासाचा तो कार्यक्रम प्रक्षेपित झाला. त्यात मुलगा बोलला, बाप बोलला, बहीण बोलली, शेजारी बोलले. हवाई दलाने बोलण्यास नकार दिला. कार्यक्रमाची जाहिरात करण्यास कंपनी राजी नव्हती. तेव्हा मर्रो आणि फ्रेंडली यांनी पदरचे पैसे घालून न्यूयॉर्क टाइम्समध्ये जाहिरात दिली. सुमारे पाच आठवड्यांनी हवाई दलाच्या सचिवांनी ‘सी इट नाऊ’च्याच पडद्यावर येऊन लेफ्टनंटाला निर्दोष ठरविल्याचे जाहीर केले. एका माणसाला त्याची अब्रू परत मिळाली, आणि दूरचित्रवाणीत किती सामर्थ्य आहे हे तिच्या मालकांनाही प्रथमच कळले.

मॅकार्थींची माणसे आता मर्रो यांच्याही मागावर होती. १९३५ च्या सुमारास शिक्षणसंस्थेच्या वतीने मॉस्कोत भरवावयाच्या उन्हाळी वर्गाशी असलेला त्यांचा संबंध उकरून काढण्यात आला होता. थांबणे म्हणजे आता शरण जाणे होते. पथकातील प्रत्येकाला बोलावून, त्याच्या पूर्वायुष्यात शत्रूच्या हाती लागेल असे काही आहे काय, हे विचारण्यात आले. कर्तव्याच्या गोष्टी करणाऱ्या त्या खोलीतही भीती होतीच; फरक एवढाच की, येथे तिचे नाव मोकळेपणाने घेतले गेले.

९ मार्च १९५४ रोजी, मंगळवारच्या रात्री, तो कार्यक्रम झाला. बहुतेक सारा मजकूर मॅकार्थींच्या स्वतःच्या भाषणांच्या आणि चौकशांच्या चित्रफितींचा होता. मर्रो एकेक विधान दाखवीत आणि शेजारी वस्तुस्थिती ठेवीत. शेवटी त्यांनी थेट प्रेक्षकांकडे पाहून थोडेसे निवेदन केले. भिन्न मत म्हणजे देशद्रोह नव्हे आणि आरोप म्हणजे सिद्धी नव्हे, असा त्याचा आशय होता. दोष केवळ त्या सिनेटरला न देता, ज्या भीतीचा त्याने लाभ उठविला ती भीती बाळगणाऱ्या सर्वांनाच त्यांनी त्यात वाटेकरी केले. ह्याही वेळी जाहिरातीचा खर्च दोघांनी स्वतःच सोसला. हजारो तारा, पत्रे आणि दूरध्वनी आले व त्यांतील बहुसंख्य मर्रो यांच्या बाजूचे होते. मॅकार्थींना उत्तरासाठी पूर्ण अर्धा तास देण्यात आला. ६ एप्रिलच्या त्या उत्तरात त्यांनी मुद्दे खोडण्याऐवजी मर्रो यांच्यावरच चिखलफेक केली. त्याच महिन्यात सैन्यदल आणि मॅकार्थी यांच्यातील वादाची सुनावणी सुरू झाली, ती लोकांनी दूरचित्रवाणीवर पाहिली, आणि २ डिसेंबर १९५४ रोजी सिनेटने ६७ विरुद्ध २२ मतांनी मॅकार्थींचा निषेध केला.

एका कार्यक्रमाने मॅकार्थींचा पाडाव झाला असे म्हणणे इतिहासाला धरून होणार नाही. मार्गरेट चेस स्मिथ ह्या महिला सिनेटरने १९५० सालीच निषेधाचा आवाज उठविला होता. अनेक वृत्तपत्रकार आणि व्यंगचित्रकार आधीपासून झुंजत होते. शिवाय, संकलनाच्या कात्रीने एका व्यक्तीला असे उघडे पाडण्याचे शस्त्र उद्या दुष्टाच्या हाती गेले तर काय, अशी शंका मॅकार्थींच्या विरोधकांनीही काढली. ती रास्त होती आणि तिचे महत्त्व मर्रो यांना पटत होते. परंतु ज्या साधनापुढे सारा देश बसलेला होता ते साधन तोवर मुके होते आणि त्या रात्री ते बोलले, एवढे श्रेय त्यांच्याकडून कोणी काढून घेऊ शकत नाही. ह्या लढ्यात बळीही पडले. त्या रात्रीच्या बातमीपत्रात मर्रो यांना उघड पाठिंबा देणारे त्यांचे सहकारी डॉन हॉलनबेक यांच्यावर एका वृत्तपत्रीय स्तंभलेखकाने सतत हल्ला चढविला. आधीच आजारी असलेल्या हॉलनबेक यांनी जून १९५४ मध्ये आत्महत्या केली.

पुढील वर्ष हे ‘सी इट नाऊ’च्या वैभवाचे आणि उताराचेही ठरले. जानेवारी १९५५ मध्ये, सरकारने ज्यांचा विश्वास काढून घेतला होता त्या अणुशास्त्रज्ञ ओपेनहायमर यांची दीर्घ मुलाखत त्यांनी प्रिन्स्टन येथे घेतली. गीता मुळातून वाचण्यासाठी संस्कृत शिकलेला हा शास्त्रज्ञ प्रेक्षकांना प्रथमच निवांतपणे बोलताना दिसला. एप्रिलमध्ये पोलिओची लस यशस्वी झाल्याचे जाहीर झाले त्याच दिवशी डॉ. जोनास साल्क मर्रो यांच्यासमोर बसले होते. लसीची मालकी कोणाची, असे मर्रो यांनी विचारले आणि ती जनतेची आहे, तिच्यावर कोणाचाच हक्क नोंदलेला नाही, अशा अर्थाचे उत्तर साल्क यांनी दिले. आयडा लू अँडरसन यांच्या विद्यार्थ्याला त्या क्षणी काय वाटले असेल, ह्याची कल्पना वाचकांनीच करावी. त्यानंतर धूम्रपान आणि फुप्फुसाचा कर्करोग यांच्या संबंधावर दोन भागांचा कार्यक्रम झाला. दिवसाला साठ-साठ सिगारेटी ओढणाऱ्या मर्रो यांनी तो सादर केला. दैवाचा हा उपहास पुढे किती क्रूर ठरावयाचा होता!

ह्या दोन भागांपैकी दुसरा ज्या रात्री दाखविला गेला त्याच रात्री, ७ जून १९५५ रोजी, सीबीएसवर चौसष्ट हजार डॉलरांच्या बक्षिसाचा प्रश्नोत्तरांचा खेळ सुरू झाला. तो पाहता पाहता देशभर गाजला. जाहिरातदारांच्या दृष्टीने त्या वेळेची किंमत एकाएकी वाढली. मग त्या मोलाच्या घटकेत अनुबोधपट कोणाला हवा? ‘सी इट नाऊ’चे प्रायोजकत्व करणाऱ्या अल्कोआ ह्या अॅल्युमिनियम कंपनीने त्याच वर्षी हात काढून घेतला. चार वर्षे तिने कार्यक्रमाच्या मजकुरात ढवळाढवळ केली नव्हती, हेही न्यायाने सांगितले पाहिजे. साप्ताहिक कार्यक्रम प्रासंगिक झाला. त्या उतरत्या काळातही मर्रो यांनी उत्तम काम केले. कृष्णवर्णीय गायिका मॅरियन अँडरसन यांच्या आशियातील दौऱ्याचा त्यांनी डिसेंबर १९५७ मध्ये दाखविलेला चित्रपट आपल्याला विशेष जवळचा वाटेल, कारण ह्या दौऱ्यात भारतही होता.

ह्याच काळात मर्रो नामवंतांच्या घरी पडद्यावरून भेट देणारा ‘पर्सन टू पर्सन’ हा हलकाफुलका कार्यक्रमही करीत. त्याला प्रेक्षक भरपूर आणि पैसाही भरपूर. टीकाकारांनी त्यांना त्याबद्दल टोचले. एका हाताने मिळविलेल्या लोकप्रियतेवर दुसऱ्या हाताचे अवघड काम तगून राहते, असा त्यामागचा हिशेब असावा. तो काही वर्षे जुळला. पण १९५८ च्या जुलैत ‘सी इट नाऊ’ अखेर बंद झाले. वादग्रस्त कार्यक्रमांमुळे होणारी रोजची पोटदुखी कंपनीचे प्रमुख विल्यम पेली यांना नकोशी झाली होती, असे फ्रेंडली यांच्या आठवणींवरून कळते. ज्या पेलींनी युद्धात आणि मॅकार्थी प्रकरणात मर्रो यांना साथ दिली होती, तेच आता दुरावले. येथे कोणी खलपुरुष नाही. नफ्याचा हिशेब आहे, आणि तो माणसापेक्षा प्रबळ ठरला.

१५ ऑक्टोबर १९५८ रोजी शिकागो येथे वृत्तसंचालकांच्या सभेत मर्रो यांनी केलेले भाषण ह्या व्यवसायातील लोक आजही आठवतात. श्रीमंत आणि सुखासीन झालेला समाज ह्या साधनाचा उपयोग वास्तवापासून तोंड लपविण्यासाठी करीत आहे, असे त्यांनी मालकांच्या तोंडावर सांगितले. केवळ दोष दाखवून ते थांबले नाहीत. मोठ्या उद्योगांनी आपल्या ठरलेल्या जाहिरातीच्या कार्यक्रमांपैकी वर्षातून एकदोन वेळा सार्वजनिक प्रश्नांसाठी द्याव्यात, अशी व्यवहार्य योजनाही त्यांनी मांडली. यंत्र स्वतः शिकवीत नाही की बिघडवीत नाही. ते चालविणाऱ्यांचा निश्चय सारे ठरवितो, हा त्या भाषणाचा गाभा होता. त्याच महिन्यात त्यांची ‘स्मॉल वर्ल्ड’ ही संभाषणमाला सुरू झाली. दूरदूरच्या देशांतील माणसांना एकमेकांशी बोलते करणाऱ्या ह्या मालेच्या पहिल्या भागात दिल्लीहून पंडित नेहरू सहभागी झाले होते. भारतात दूरचित्रवाणीचा प्रायोगिक आरंभ झाला तो त्यानंतर, १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत. आणि मुंबईला ती पोहोचली २ ऑक्टोबर १९७२ रोजी.

मर्रो यांचा शेवटचा थोर अनुबोधपट ‘हार्वेस्ट ऑफ शेम’. निर्माते डेव्हिड लो यांच्यासह केलेला हा चित्रपट २५ नोव्हेंबर १९६० रोजी दाखविण्यात आला. आदल्याच दिवशी घरोघर सुगीच्या कृतज्ञतेचा सण आणि त्याची मेजवानी झाली होती; त्या ताटातील अन्न कोणी पिकविले, हे प्रेक्षकांनी दुसऱ्या दिवशी पाहिले. हंगामामागून फ्लॉरिडातून उत्तरेकडे भटकणारे शेतमजूर, पहाटे चौकात जनावरांसारखी होणारी त्यांची निवड, दाटीवाटीने भरलेले ट्रक आणि आई कामावर गेल्यावर धाकट्या बहिणींना सांभाळणारा नऊ वर्षांचा मुलगा. लाकूडतोड्यांच्या छावणीत घाम गाळलेल्या मर्रो यांना ही माणसे परकी नव्हती. आपली गाऱ्हाणी मांडण्याचे बळ ह्या मजुरांपाशी नाही, ते इतरांपाशी आहे, अशा आशयाचे आवाहन करून त्यांनी हा चित्रपट संपविला.

ह्यानंतर जे घडले ते मर्रो यांच्या चरित्रातील सर्वांत बोधप्रद प्रकरण आहे. १९६१ च्या आरंभी अध्यक्ष केनेडी यांनी त्यांना अमेरिकेच्या माहितीखात्याचे प्रमुख नेमले. इतक्यात बीबीसीने ‘हार्वेस्ट ऑफ शेम’ ब्रिटनमध्ये दाखविण्याचे ठरविले. परदेशात देशाची बदनामी होईल ह्या विवंचनेने मर्रो यांनी बीबीसीच्या महासंचालकांना, जे त्यांचे जुने स्नेही होते, तो न दाखविण्याची खाजगी विनंती केली. विनंती नाकारली गेली आणि चित्रपट दाखविला गेला. बातमी फुटताच त्यांच्यावर टीकेचा भडिमार झाला, आणि आपण चुकलो हे त्यांनाही पटले. सत्य लपवू पाहणाऱ्या सत्तेशी आयुष्यभर झुंजलेला माणूस खुर्चीत बसताच तोच मोह टाळू शकला नाही. आम्ही हे त्यांना कमी लेखण्यासाठी सांगत नाही. सत्य सांगणे हे केवळ स्वभावाचे काम नाही, ते जागेचेही आहे. म्हणून ती जागा सत्तेपासून वेगळी राहिली पाहिजे, हा धडा त्यातून मिळतो. त्यानंतर मात्र त्या पदावर असताना देशाचे दोषही जगापुढे मांडले पाहिजेत, नाहीतर गुणांवर कोणी विश्वास ठेवणार नाही, असाच त्यांचा आग्रह राहिला.

१९६३ च्या शरदात कर्करोगामुळे त्यांचे एक फुप्फुस काढावे लागले. १९६४ च्या आरंभी त्यांनी पद सोडले. त्याच वर्षी अध्यक्षांकडून स्वातंत्र्यपदक आणि पुढील मार्चमध्ये ब्रिटनकडून मानाचा किताब मिळाला. २७ एप्रिल १९६५ रोजी, सत्तावन्नावा वाढदिवस उलटून दोन दिवस झाले असताना, न्यूयॉर्क राज्यातील पॉलिंग येथे आपल्या शेतघरी त्यांचे निधन झाले. मागे पत्नी जॅनेट आणि पुत्र केसी हे होते.

मर्रो यांच्या कारकिर्दीचा हिशेब मांडला तर दूरचित्रवाणीवरील त्यांच्या ऐन उमेदीची वर्षे दहाच्या आतबाहेर भरतात. त्यांचा कार्यक्रम बंद पडला, योजना फेटाळली गेली, मालक दुरावले. तरीही मॅकार्थींवरील तो अर्धा तास आणि शेतमजुरांवरील तो एक तास आजही पत्रकारितेच्या विद्यार्थ्यांना दाखविला जातो, आणि २००५ साली जॉर्ज क्लूनी यांनी त्या लढ्यावर चित्रपट काढला तेव्हा नव्या पिढीनेही तो आवडीने पाहिला. त्याच काळातील गाजलेल्या प्रश्नोत्तरांच्या खेळांचे पुढे काय झाले? उत्तरे आधीच पढविलेली असत, हे १९५९ पर्यंत उघड झाले आणि त्यांचा डोलारा कोसळला.

परप्रांतात मंडळ चालविणे म्हणजे आपल्या माणसांचा एकमेकांवरील विश्वास जपणे होय. पन्नास वर्षे ज्यांनी वर्गणीचा प्रत्येक पैसा आणि सभेतील प्रत्येक शब्द चोख ठेवला, त्यांना मर्रो यांचे मोल वेगळे सांगावयास नको. आपल्या घरात येणारा आवाज आपल्याशी खरे बोलतो की नाही, हे पाहण्याचे काम केवळ तो आवाज देणाऱ्याचे नाही, ऐकणाऱ्याचेही आहे. ही जाणीव जागी ठेवणाऱ्या ह्या निर्भय निर्मात्याच्या स्मृतीस आमचे विनम्र अभिवादन.